तुझ्या मेसेजचं उत्तर, जरा लांबलंय

बाळा,

तुझा मेसेज रात्री पावणेबाराला आलाय, मी वाचला सकाळी, कारण दहाला मी आडवा होतो हे तुला माहितीये. वाचला, चहा घेतला, परत वाचला. हे काय अंगठ्याने टाईप करून उत्तर देण्यासारखं नाही म्हणून दुकानात येऊन कंप्युटरवर बसलोय, आषाढ आहे, गिऱ्हाईक नाही, सकाळपासून दोन पासपोर्ट फोटो झालेत, दापोलीतला पाऊस तुला सांगायला नको आणि लाईट आत्तापर्यंत दोनदा जाऊन आलीये, तेव्हा मध्येच कुठे धागा तुटला तर सांभाळून घे.

तू विचारलंयस, काका माझ्यात काही गडबड आहे का. नाही. हे आधीच सांगून टाकतो म्हणजे पुढचं शांतपणे वाचशील. तुला उंच, धिप्पाड, रुंद खांद्यांच्या, मोठ्या हातापायांच्या बायका सुंदर वाटतात. ऑफिसातली ती मुलगी ५ फूट ११ इंच आहे, कॉलेजात गोळाफेक करायची, तू तिच्या कानापर्यंत येतोस, आणि ती समोरून चालत आली की तुला धड बोलता येत नाही. एवढंच झालंय ना. यात कोणाच्या घरचं काही चोरलं नाहीस तू.

आणि खरं सांगू, मला हे तुझ्या आधी कळलं होतं. तू माझ्याकडे कामाला लागलास त्या वर्षी तुला कॅमेरा देऊन हर्णैला धाडला होता, आठवतंय का, एका रिसॉर्टवाल्याला भिंतीवर लावायला मासळीच्या लिलावाचे फोटो हवे होते. नवीन पोरं तिथून काय आणतात ते मला पाठ आहे, सूर्यास्त, मागे सुवर्णदुर्ग, होड्यांवरचे झेंडे आणि पाण्यात उतरलेली बैलगाडी. तू दोनशेच्या वर फोटो आणलेस आणि त्यात सूर्यास्त एकच, तोही तिरका. बाकी सगळे हात. बर्फाचा क्रेट उचलताना ताणलेला दंड, पाटी डोक्यावर घेताना वर गेलेलं कोपर, हिरव्या बांगड्यांच्या वर खवले चिकटलेलं मनगट. एका फोटोत तर एक मावशी कमरेवर हात ठेवून व्यापाऱ्याशी भाव तोडतेय आणि तो व्यापारी जेमतेम तिच्या खांद्याला लागतोय. रिसॉर्टवाल्याने तो घेतला नाही, मी ठेवून घेतला, अजून हार्ड डिस्कमध्ये आहे. कारण त्या दोनशे फोटोंत फोकस एकदाही चुकला नव्हता, आणि एरवी तुझा फोकस कसा असायचा ते आपल्या दोघांनाच माहीत. हां, आणि तू म्हणाला होतास की मावशींना विचारून काढला, नंतर स्क्रीनवर दाखवला आणि त्या हसल्या. ते मला फोटोपेक्षा जास्त आवडलं होतं, तेव्हा बोललो नाही.

आता शब्दांचं बघ. पुरुष मोठ्या अंगाचा असला की आपण म्हणतो भरदार, धिप्पाड, रुबाबदार. त्याच मापाची बाई असली की थोराड, आडदांड, ताडमाड. माप तेच, फक्त शब्द बदलला. बाईला सुंदर म्हणायचं तर नाजूक, रेखीव, चाफेकळी नाक, सगळं कसं बोटाच्या चिमटीत मावलं पाहिजे. आणि आपल्याकडे त्यात भर म्हणजे घारे डोळे आणि गोरा रंग, इकडच्या ओटीवर बसून कुठल्याही स्थळाची चर्चा ऐक, पाचव्या मिनिटाला "घारीगोरी आहे हो" येतंच. तुझ्या डोळ्यांना जे दिसतं त्याला भाषेत चांगला शब्दच तयार नाही म्हणून तुला वाटतं की आपलं काहीतरी बिघडलंय. (विठोबा काळा, कृष्ण काळा वगैरे मी तुला सांगणार नाही, ते सगळे सांगतात आणि सून गोरीच शोधतात.)

ही चाळीस-पंचेचाळीस वर्षं मी लोकांचे चेहरे बघून पोट भरलं, त्यामुळे सुंदर काय हे कोण ठरवतं याची थोडी गंमत मला माहितीये. राजा रवि वर्म्याने १८९४ साली मुंबईत छापखाना काढला, पुढे तो लोणावळ्याजवळ मळवलीला गेला, आणि तिथून छापलेल्या लक्ष्मी-सरस्वती घरोघरी भिंतीवर जाऊन बसल्या. आमच्या आजोळी पण होती एक लक्ष्मी, काचेला वाळवी लागलेल्या लाकडाची चौकट, आणि आजी कुठल्याही मुलीला बघून म्हणायची लक्ष्मीसारखी दिसते, म्हणजे त्या छापील चित्रासारखी. मग १९७५ ला ती गोरं करणारी क्रीम आली, फेअर अँड लव्हली, तिला नावातला फेअर काढायला २०२० उजाडलं. आणि आमच्या धंद्यातलं सांगतो, रंगीत फिल्मच्या जमान्यात कोडॅक लॅबवाल्यांना एक कार्ड द्यायची, त्यावर एका गोऱ्या बाईचा फोटो, शर्ली कार्ड म्हणायचे त्याला. तिच्या चेहऱ्याचा रंग बरोबर आला म्हणजे मशीन बरोबर लागलं असं धरायचे. हे मला फार उशिरा कळलं. त्याआधी कितीतरी वर्षं मी लग्नाचे रोल एसटीने कोल्हापूरला पाठवायचो, परत आले की सावळ्या नवरीचा चेहरा नुसता काळा डाग, गजरा आणि दात तेवढे पांढरेफेक, आणि मला वाटायचं एक्स्पोजर मीच चुकवतोय. नवरीच्या आईला वाटायचं मुलगीच काळी. चूक त्या कार्डाची आहे हे आमच्या दोघांच्याही डोक्यात आलं नाही.

सांगायचं काय, की लोकांची जी "नॉर्मल" आवड आहे ना, तीही कोणीतरी छापून, विकून, मशीनमध्ये सेट करून दिलेली आहे. तुझी कोणी दिलेली नाही. आता म्हणून ती जास्त थोर आहे असं मात्र समजू नको. इथेच पोरं घसरतात. आवड वेगळी निघाली की आधी लाजतात आणि लाज गेली की लगेच मिरवायला लागतात, मी कसा बाकीच्यांसारखा नाही. अरे, शेजारच्या मुरुडच्या अण्णासाहेब कर्व्यांनी १८९३ साली विधवेशी लग्न केलं तर गावाने त्यांना वाळीत टाकलं होतं. तुला काय होणारे, चार मित्र ग्रुपवर हसणारे स्मायली टाकतील. हुतात्मा होऊ नको.

आमच्या शाळेत संस्कृतच्या सरांना एक गोष्ट फार आवडायची, कालिदासाच्या रघुवंशातलं इंदुमतीचं स्वयंवर. ती हार घेऊन एकेका राजासमोरून जाते, अंग देशाचा राजा चांगला देखणा, बायका त्याच्यावर भाळलेल्या, आणि ही म्हणते पुढे चल. तिथे कालिदास काय म्हणतो, तो राजा आवडण्यासारखा नव्हता असं नाही, आणि हिला पारख नव्हती असंही नाही, लोकांची रुची वेगवेगळी असते, भिन्नरुचिर्हि लोकः. आपण ते शेवटचे तीन शब्द बटाट्याच्या भाजीवरून भांडण झालं तरी वापरतो, पण आधीचं विसरतो. राजातही खोट नाही आणि बघणारीतही नाही. तुझ्या मित्रांना नाजूक मुली आवडतात, त्यांनाही खोट नाही बाबा. त्यांना वेडं ठरवून तुला शहाणं व्हायची गरज नाही.

बरं, आता ज्यासाठी मी एवढं टाईप करतोय ते. तू लिहिलंयस की मित्रांनी तिला "बुलडोझर" म्हटलं तेव्हा तूही हसलास, वर म्हणालास "हो ना यार, रस्ता रिकामा करा", आणि मग रात्रभर झोप नाही. बाकी सगळ्या मेसेजमध्ये मला ही एकच ओळ टोचली, कारण ते मी पण केलंय. हसून नाही, पेन्सिलने केलंय.

काकूच्या चेहऱ्यावर देवीचे वण आहेत ते तू रोज बघितलेस. तिला पाचव्या वर्षी देवी आल्या, १९६७ च्या आसपास. आईने तिचे हात फडक्याने बांधून ठेवले होते, खाजवू नये म्हणून, ते तिला अजून आठवतं. मी तिला पहिल्यांदा बघितलं ते तिच्या मामाच्या अंगणात, संध्याकाळचं ऊन आडवं येत होतं, आणि तिचा गाल, कसं सांगू, भरती ओसरून गेली की पुळणीवर पाण्याने कसे बारीक खळगे राहतात आणि तिरप्या उन्हात प्रत्येकाला आपली आपली एवढीशी सावली असते, तसा. मी फोटोग्राफर माणूस, मला सपाट चेहऱ्यावर काय बघायचं तेच कळत नाही, आणि इथे एवढं सगळं. परत येताना वडील म्हणाले मुलगी सुस्वभावी आहे पण चेहरा असा, बघ बाबा. मी म्हटलं मला चालेल. बघ हां शब्द. मला आवडली असं म्हणालो नाही. चालेल. जसं काही मी मोठं मन दाखवतोय. सगळे म्हणाले पोराचं मन मोठं, आणि मी ते घेतलं न् खिशात टाकलं.

१९८४ ला लग्न झालं. आमचा जोडीचा फोटो मीच काढला, कॅमेरा लावून, मित्राला शटरचा रबरी बल्ब दाबायला सांगून. स्टुडिओतला मोठा लाकडी कॅमेरा, कट फिल्म. तेव्हा रिटचिंग म्हणजे काय असायचं तुला दाखवलं होतं एकदा, निगेटिव्ह तिरक्या काचेवर ठेवायची, मागून उजेड, वर औषध चोळायचं आणि अणकुचीदार पेन्सिलने एकेक खळगा भरत जायचं. मी दोन रात्री बसलो. नाक, गाल, हनुवटी, एक वण ठेवला नाही. इंदू छापाच्या फोटोपेपरवर छान मोठी प्रिंट काढली, चौकट करून घरी नेली. तिने ती हातात धरली, खिडकीपाशी नेऊन बघितली आणि विचारलं, "ही कोण हो?"

मी हसलो. ती हसली नाही. चिडलीही नाही, फोटो लावला भिंतीला, वीस वर्षं राहिला. पाहुणे म्हणायचे काय सुंदर आलाय फोटो, तर ही आतून चहा घेऊन येताना सांगायची, "ती ह्यांची पहिली."

आता गंमत अशी की वण मला आवडतात हे मी नंतर तिला सांगितलं. एकदा नाही, वरचेवर सांगायला लागलो, जणू त्या दोन रात्रींची भरपाई. तर एक दिवस ती म्हणाली, तुम्हाला आवडतात ते तुमचं, मला नाही आवडत, माझी सगळी आग झाली होती तेव्हा आणि शाळेत मुली माझ्या शेजारी बसायच्या नाहीत, त्याला आता मी सुंदर म्हणू का. मी गप्प. मला वाटलं होतं माझी आवड म्हणजे तिला दिलेलं बक्षीस. तिला ते नको होतं. तिला सकाळी गरम पाणी, भांडणात मी शेवटचा शब्द माझाच असावा हा हट्ट सोडणं, आणि फोटो काढताना फोटो काढणं, एवढंच हवं होतं. तेव्हापासून मी बघतो, बोलत नाही. आणि १९७७ ला आपला देश देवीमुक्त जाहीर झाला, १९८० ला सगळं जग, त्यामुळे मला जो चेहरा आवडतो तो आता जगात नव्याने तयार होणार नाही, आणि ते फार चांगलं झालं. आवड असली म्हणून ती गोष्ट घडत राहावी असं थोडंच आहे.

हे तुला का सांगितलं, तर तू तिच्याशी बोलायला जाशील तेव्हा तोंडातून "तू एवढी उंच असूनही" असलं काहीतरी जाईल. ते "असूनही" आधी गिळ. आणि "तू उंच आहेस म्हणूनच" हे पण नको, निदान पहिल्या चहाला तरी नको. तिने आयुष्यभर बसमध्ये, दुकानात, चपलांच्या मापात, "वर हवा कशी आहे" या एकाच जोकमध्ये स्वतःची उंची ऐकलीय, आता तुझ्याकडून कौतुकाने का होईना तेच. तिला विचार की गोळाफेक का सोडली. तिला विचार जेवायला काय आवडतं. चार वेळा भेटून तुझ्या लक्षात आलं की खांदे सोडून हिच्याशी बोलण्यासारखं काही नाही, तर तेही खरं, मग तिला अडकवून ठेवू नको. आणि ती नाही म्हणाली तर नाही. तुझी आवड दुर्मिळ आहे म्हणून तिने आभार मानून हो म्हणावं असं काही नसतं, ही समजूत काढून टाक डोक्यातून, मी ती बरीच वर्षं बाळगली.

मित्रांचं सोपं आहे. पुढच्या वेळी हसू नको. भाषण नको, ग्रुप सोडणं नको, नुसतं हसू नको. एकजण विचारेल काय झालं रे, तर सांग मला ती सुंदर वाटते. एवढं वाक्य. दोन दिवस चिडवतील, मग गणपतीच्या तिकिटांच्या मागे लागतील.

घरचं जरा अवघड आहे, मान्य. तुझा बायोडेटा तुझ्या आईने मलाच टाईप करायला दिला होता फेब्रुवारीत, म्हणून मला माहितीये त्यात काय आहे. अपेक्षा : मुलगी ५ फूट १ ते ५ फूट ४, सडपातळ, गोरी किंवा निमगोरी. तू तो वाचलास तरी का? आधी ती ओळ बदल. आईला सगळं मन उघडं करून सांगत बसू नको, तिला झेपणार नाही आणि तुलाही बोलता येणार नाही, फक्त म्हण उंचीची अट काढ आणि सडपातळ पण काढ. ती विचारेल कोणी आहे का, आईच ती. तेव्हा खरं सांग. पण काही झालं तरी लोकांच्या डोळ्याला बरी म्हणून कुठल्या नाजूक मुलीला हो म्हणून येऊ नको. तिचा काय गुन्हा? ती बिचारी रोज आरशात बघून विचार करेल की माझं काय कमी आहे, आणि तिचं काहीच कमी नसेल. असे दोन-तीन संसार मी अल्बमपासून बघतोय. फोटो फार सुंदर आहेत त्यांचे.

उंचीवरून आठवलं. आपल्या स्टुडिओत तो जुना सागवानी पाट होता बघ पडद्यामागे, तू विचारलं होतंस हा इथे कशाला. नवरी नवऱ्यापेक्षा उंच असली की नवऱ्याला त्यावर उभा करायचो आणि फोटो कमरेपर्यंत घ्यायचो. नाहीतर तिला खुर्चीवर बसवून त्याला मागे उभा. घरचेच सांगायचे हळूच कानात येऊन. एका नवरीने तर स्वतःच गुडघे वाकवले होते साडीच्या आत, पंधरा मिनिटं, मला प्रिंट धुताना कळलं, साडीच्या निऱ्या खाली चुरगळून पडल्या होत्या. तेव्हा मला काही वाटलं नाही. आता वाटतं.

आमच्या फोटोचं पुढे काय झालं ते राहिलंच. २००५ ला डिजिटल घेतलं आणि डार्करूम मोडायला काढली तेव्हा बटर पेपरच्या पाकिटात ती निगेटिव्ह सापडली. पेन्सिल त्या औषधाच्या थरावर असते, फिल्मवर नाही, हे मला माहीत होतंच की. कापसाचा बोळा टर्पेंटाईनमध्ये बुडवला आणि पुसत गेलो, दोन रात्रींचं काम दहा मिनिटांत बोळ्यावर आलं, करडं. कागदाचं शेवटचं पाकीट होतं, जुनं, थोडं धुरकट झालेलं, त्यावर प्रिंट काढली. ट्रेमध्ये चेहरा वर येत होता तेव्हा ती मागे येऊन उभी राहिलेली मला कळलं नाही. बराच वेळ बघत होती. मग म्हणाली, "नाकावर घाम आला होता माझ्या त्या दिवशी, बघा."

तो फोटो आता काऊंटरच्या मागे आहे, तू बघितलायस, आणि अजूनही गिऱ्हाईक विचारतं की काका हा एडिट करायचा राहिला काय.

गणपतीला येशील तेव्हा दुकानात ये. ती आली तर तिलाही आण, जबरदस्ती नको, यायचं असेल तर. फोटो मी काढीन, उभे राहा जसे आहात तसे. पाट आहे अजून, पण तो मी हल्ली ट्यूब बदलायला वापरतो.

लाईट परत चाललीये, सेव्ह करतो.

तुझा
काका

ता.क. काकू विचारतेय, ओले काजू ठेवले होते सुकवून, पाठवायचे का तू येऊन नेशील.